इंदुमती, गोपालकृष्ण करकरे

यादीत माझं नाव सत्ताविसावं होतं आणि चुकीचं होतं.

फूलबागेजवळच्या एका हॉलच्या भिंतीवर यादी चिकटवलेली होती आणि अख्खी गल्ली तिच्यावर तुटून पडली होती. मी बाजूला उभी राहून गर्दी ओसरू दिली, पदराने चष्मा पुसला आणि बोट ठेवून वाचलं. "27. इंदुमती, गोपालकृष्ण करकरे. सदस्य: 2. ब्लॉक ए, फ्लॅट 304. टिप्पणी: सदस्य क्र. 2 बाहर गए हैं."

ळचा ल केला होता, त्याचं मला काही वाटलं नाही. ग्वाल्हेरात मराठी माणसाचा ळ सरकारी कागदाच्या दाराबाहेरच राहतो, चपलेसारखा. पण इंदुमतीनंतर स्वल्पविराम होता. माझं नाव इंदुमती, नवऱ्याचं गोपाळकृष्ण, आडनाव करकरे. तिन्ही मिळून मी एक बाई. त्या शेपटीवाल्या टिंबाने आमची दोन माणसं केली होती. त्यातलं दुसरं माणूस आठ वर्षांपूर्वी वारलं होतं, आणि यादी म्हणत होती की ते बाहेर गेलंय.

मी तीस वर्षं सरकारी शाळेत हिंदी शिकवलं. विरामचिन्ह चुकलं की अर्धा मार्क कापायचा, मग तो पोरगा कलेक्टरचा असो की चहावाल्याचा. पोरं मागून मला 'अल्पविराम मॅडम' म्हणायची आणि मला ते ठाऊक होतं. तेव्हा ही चूक माझ्या नजरेतून सुटणं शक्यच नव्हतं. दुरुस्तीची खिडकी दहा पावलांवर होती, आत माणूसही बसलेला होता. मी त्याच्याकडे एकदा पाहिलं, छत्री उघडली आणि घरी निघून आले.

खोटं बोलण्यापेक्षा गप्प बसणं किती सोपं असतं, ते मला एकाहत्तराव्या वर्षी कळलं.

आमची गल्ली पाटणकर बाजाराच्या पाठीमागची. एकतीस बिऱ्हाडं, बहुतेक भाडेकरू. खाली रंगाचं दुकान आणि वर आमच्या दोन खोल्या, अशी अडतीस वर्षं काढली. बाजारातला रस्ता रुंद करायचा, गाड्या लावायला जागा करायची, म्हणून गल्ली पाडायची असं ठरलं. दारांवर लाल रंगाने आकडे घातले गेले. आमच्या बदल्यात आम्हाला शहराबाहेर, नव्या बायपासच्या पलीकडे, फ्लॅट मिळणार होते. त्यासाठी पौषातल्या कडाक्याच्या थंडीत एक पोरगी घरोघर फिरून नावं लिहून गेली होती. ती चूक त्या दिवशीची. आणि खरं सांगायचं तर ती त्या पोरीची नव्हती, माझी होती.

ती जिन्यात उभी होती, हातात टॅबलेट, नाक लाल झालेलं. "आंटी जी, पूरा नाम?" मी म्हणाले, "इंदुमती..." आणि थांबले. मग म्हणाले, "गोपाळकृष्ण करकरे."

मी तिथे नेहमीच थांबते. नवऱ्याचं नाव तोंडाने घ्यायचं नाही, असं आईने लहानपणी शिकवलं होतं. लग्नात उखाण्यात घ्यावं लागलं तेव्हा मी इतकी अडखळले की सगळ्या बायका हसायला लागल्या. शाळेच्या मस्टरवर, रेशनकार्डावर, पेन्शनच्या अर्जावर ते नाव मी शेकडो वेळा बिनदिक्कत लिहिलं. पण उच्चारायचं म्हटलं की आधी एक श्वास घ्यावाच लागतो. माझ्यासाठी ते जन्मभर 'अहो'च होते. तर मी तो श्वास घेतला, आणि त्या पोरीच्या बोटाने तिथे स्वल्पविराम टाकला. तिचा कान बरोबर होता म्हणायचा. माझ्या वर्गात असती तर मी तिला शाबासकी दिली असती.

मग तिने विचारलं, "अंकल जी दिख नहीं रहे?" मी म्हणाले, "वो तो गए."

मराठीत 'ते गेले' म्हटलं की समोरचा मान खाली घालतो, जास्त विचारत नाही. हिंदीत 'नहीं रहे' म्हणायला हवं होतं, 'गुज़र गए', 'शांत हो गए', काहीही. पोरांना मी एका शब्दाचे चार-चार पर्याय घोकायला लावायची. पण नवऱ्याबद्दल बोलताना माझी हिंदी मराठीतूनच येते. पोरीने मान डोलावली आणि लिहिलं, बाहर गए हैं.

तिला तरी काय दोष द्यायचा? अर्ध्या संसारात ते बाहेरच गेलेले असायचे. टेलिफोन खात्यात होते. सोमवारी सकाळी भिंड, मुरैना, शिवपुरी, जिथे तार तुटली असेल तिथे जायचे आणि शनिवारी संध्याकाळी परत यायचे. थंडीचे दिवस असले तर मुरैन्याची तिळाची गजक घेऊन. "करकरे साहब हैं?" असं कुणी विचारलं की मी वरूनच ओरडायची, "बाहर गए हैं, शनिवार को आएँगे." हे वाक्य मी आयुष्यात जितक्या वेळा बोलले असेन तितक्या वेळा देवाचं नाव घेतलेलं नाही.

आता मी दुरुस्तीच्या खिडकीपाशी का गेले नाही ते सांगते. त्यात फ्लॅटचा लोभ नव्हता. नियम असा होता की घरात दोन किंवा जास्त माणसं असली तर ब्लॉक ए, दोन खोल्या. माणूस एकटं असलं तर त्याला 'एकल' म्हणायचं आणि ब्लॉक डीमधली एक खोली द्यायची. ए आणि डीच्या मध्ये मोठा नाला, आणि तो ओलांडायला लांबचा वळसा. ए ब्लॉकमध्ये आमची गल्ली जाणार होती. डीमध्ये शहरभरातून उठवलेली एकटी माणसं. दोन खोल्यांना काय करायचंय मला? मला 304 हवा होता, कारण त्याची भिंत 303ला लागून होती, आणि 303 सुलोचनाबाईंना मिळाला होता.

सुलोचनाबाई माझ्या शेजारीण. अठ्ठ्याहत्तरीच्या. सासर-माहेर दोन्हीकडे फौजेतली माणसं, आणि आवाजही फौजेतलाच. घरात मुलगा समरजीत, सून नीलम. गल्लीत मराठी बोलणारी दोनच बिऱ्हाडं, त्यांचं आणि माझं, आणि मधे एक विटेची भिंत. ती भिंत आम्ही अडतीस वर्षं वापरली. लाटण्याचे दोन ठोके म्हणजे चहा टाकलाय, ये. तीन म्हणजे भांडायचंय, ये. 'हे' गेले त्याच्या चौदाव्या दिवशी पाहुणे आपापल्या गावी गेले, पुण्याचा भाचा गेला, आणि पंधराव्या दिवशी सकाळी सहाला भिंतीवर एकच ठोका पडला. मी अंथरुणात पडून होते. उठायची इच्छा नव्हती. पुन्हा एक ठोका पडला, पुन्हा एक. शेवटी मी वैतागून उशाशी असलेला तांब्या भिंतीवर आपटला. तेव्हा पलीकडून आवाज आला, "आहेस ना? मग ठीक."

त्या दिवसापासून रोज सहाला एक ठोका. तिकडून 'आहेस का', इकडून 'आहे'. आठ वर्षं, एकही दिवस खंड नाही. मूलबाळ मला नाही. मी सकाळी जिवंत आहे की नाही याची चौकशी करणारं माणूस या पृथ्वीतलावर एकच होतं, आणि ते माझ्या भिंतीपलीकडे राहायचं. एवढंच मला हवं होतं, बाकी सरकारने काहीही घ्यावं.

यादी बघून आले तशी मी सरळ त्यांच्याकडे गेले. त्या भेंडी चिरत होत्या. मी सगळं सांगितलं. त्यांनी चिरता चिरता विचारलं, "मग तू काय बोलून आलीस तिथे?"

"काही नाही."

"शाबास. पहिल्यांदा अक्कल वापरलीस. आता पण चुपच राहा."

"पण सुलोचनाबाई, हे खोटं आहे."

"कशाचं खोटं? तू काही बोललीस? तू तर फक्त साँस घेतली. साँस घ्यायला सरकारची मनाई आहे का?" त्यांनी सुरी माझ्याकडे रोखली. "गोपाळरावांनी जन्मभर तुझं ऐकलं. आता एवढं अजून करतील. कागदावर राहायला त्यांना काय त्रास आहे? जेवायला तर मागत नाहीत."

नीलम आतून हसली. मलाही हसू आलं.

पुढचा दीड महिना मी सवाष्णीसारखा काढला म्हटलं तर लोक नावं ठेवतील, पण तसाच काढला. गल्लीत बातमी पसरली होती. खालचा रंगवाला मला बघून म्हणायचा, "मास्टरनी जी, साहब दौरे पर हैं?" आणि मी म्हणायची, "हाँ भई, अब की लंबा दौरा है." त्याची चेष्टा असायची, माझीही असायची. पण जिना चढताना माझं पाऊल हलकं पडायचं, हे मी कुणालाच सांगितलं नाही. शनिवारी संध्याकाळी मी उगाचच खिडकीत जाऊन बसायला लागले. आठ वर्षं ते वारलेले होते. आता ते नुसते बाहेर गेले होते. या दोन्हींत केवढं अंतर आहे, ते ज्याचं माणूस गेलंय त्यालाच कळेल.

मग मोबाइलवर मेसेज आला. सर्व सदस्यांनी मूळ आधारकार्डासह पडताळणीला हजर राहावं, गुरुवार, सकाळी अकरा.

सुलोचनाबाईंनी आदल्या दिवशी माझी तालीम घेतली. "काय विचारलं तर काय सांगशील?"

"बाहर गए हैं."

"कुठे?"

"भाच्याकडे. पुण्याला."

"कब आएँगे?"

"पता नहीं, तबियत ठीक नहीं है."

"बस. आणि तिथे मास्तरकी नको करू. कुणाची मात्रा सुधारायला जाऊ नको."

नवऱ्याचं आधारकार्ड माझ्याकडे होतंच. ते मी कधी कुठे परत केलं नव्हतं, मला जमलंच नव्हतं. फोटोत ते जरा चिडलेले दिसतात. त्या दिवशी रांगेत तीन तास उभे होते म्हणून. मी ते माझ्या कार्डाबरोबर पर्समध्ये ठेवलं आणि ई-रिक्षा केली.

वैशाखातलं ऊन. हॉलमध्ये पंखे गरम हवा फिरवत होते. माझा नंबर आला आणि टेबलामागचा मुलगा उभाच राहिला. "मॅडम! ओळखलं नाही? मी राघव. आठवी ब. तुम्ही मला 'विशेषण' मध्ये फेल केलं होतं."

"तू विशेषणाला क्रियापद म्हणाला होतास," मी म्हणाले. सुलोचनाबाईंची तालीम पहिल्याच वाक्यात वाया गेली.

राघव हसला. त्याने माझ्यासाठी खुर्ची मागवली, पाणी मागवलं. मराठी बोलता बोलता तो हिंदीत घसरत होता, सगळीच आमची पोरं घसरतात. "तुमचं तर हो जाएगा मॅडम, दोन मिनटात. तुमचं कार्ड द्या. सरांचं पण." मी दोन्ही कार्डं दिली. त्याने ती वाचली, स्क्रीनकडे पाहिलं, मग माझ्या गळ्याकडे पाहिलं. मंगळसूत्र नव्हतं. त्याने पटकन नजर फिरवली.

त्याला कळलं होतं. मला कळलं की त्याला कळलंय. तो खुर्ची ओढून जवळ आला आणि हळू म्हणाला, "मॅडम, इथे लिहिलंय, बाहर गए हैं. मी ते तसंच राहू देतो. फक्त एक कॉलम खाली आहे, तो भरल्याशिवाय सिस्टम आगे नहीं जाता. वापसी की तारीख. कोई भी डाल देंगे. तुम्ही सांगा, मी टाकतो." आणि मग त्याने मोठ्याने, ऑफिसच्या आवाजात, आजूबाजूच्यांना ऐकू जाईल असं विचारलं, "तो मैडम, सर कब तक आएँगे?"

पता नहीं, तबियत ठीक नहीं है. हे वाक्य तोंडात तयार होतं. पण हा प्रश्न मला आठ वर्षांत कुणी विचारला नव्हता, आणि अर्ध्या संसाराची सवय जिभेवर होती. मी म्हणाले, "शनिवार को."

"शनिवार," राघव म्हणाला. त्याने कॅलेंडर उघडलं. "यानी सतरा तारीख. परसों." आणि तो टाइप करायला लागला.

परवा. परवा शनिवार. मला एकदम आठवलं की घरात साखर नाही, ते चहात दोन चमचे घेतात. खरंच आठवलं. खिडकीतून वाकून बघायचं, कोपऱ्यावर त्यांची खाकी पिशवी दिसायची, मग गॅस पेटवायचा. परवा मी खिडकीत बसणार, अंधार पडणार आणि कोपऱ्यावरून कुणीच येणार नाही. त्याच्या पुढच्या शनिवारीही नाही. हे दुःख मी एकदा पूर्ण भोगून, घडी करून ठेवलं होतं. आता मीच ते उलगडून बसले होते, एका भिंतीसाठी. माझे डोळे भरून आले आणि मी त्या भरलेल्या हॉलमध्ये पोरांसमोर रडले, जे मी शाळेत कधी केलं नव्हतं.

"राघव, थांब," मी म्हणाले. "नाही येणार."

"मॅडम, मी तर फक्त..."

"गोपाळकृष्ण करकरे नहीं रहे. आठ साल हो गए. अल्पविराम हटाओ, वो गलत है."

आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांचं नाव न थांबता घेतलं.

राघवने कीबोर्डवरचे हात उचलले. "मॅडम, मग ब्लॉक डी येईल. माझ्या हातात नसतं ते. सोच लो एक बार."

"हटाओ."

त्याने एक बटण दाबलं. स्क्रीन मी बघत होते. स्वल्पविराम गेला, दोनाचा एक झाला, मग एचा डी झाला आणि 304च्या जागी 11 आलं. ते गेले तेव्हा दवाखान्यात तरी डॉक्टरांनी बाहेर येऊन खांद्यावर हात ठेवला होता. राघवने दोन्ही कार्डं मला परत दिली. एकच लागणार होतं आता, पण त्याने दोन्ही दिली.

सुलोचनाबाईंनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "खरं बोलायची एवढी खाज होती?"

"मला नाही जमलं हो."

"तुला नाही जमलं. आणि मी? मी कुणाची भिंत ठोकू? तू फक्त तुझं सोचलंस." त्यांचा आवाज फाटला. "जा. घरी जा."

त्यांच्या बाजूने हे मी खरंच सोचलं नव्हतं. आठ वर्षं मला वाटत होतं की ठोका माझ्यासाठी पडतो. नवरा त्यांचाही गेला होता, माझ्या नवऱ्याच्या दोन वर्षं आधी. घरात माणसं होती, पण त्यांना कोण विचारत होतं, आहेस का? मी उत्तर देत होते, म्हणजे मीही त्यांना विचारतच होते. एवढं साधं गणित मास्तरणीला सुटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सहाला ठोका पडला नाही. मीच ठोकलं. उत्तर आलं नाही. असे नऊ दिवस गेले. दहाव्या दिवशी टेम्पो आला आणि त्यांचं सामान गेलं. समरजीतने वाकून नमस्कार केला, "काकी, येत जा." सुलोचनाबाई पुढच्या सीटवर बसल्या होत्या, मांडीवर देव्हारा, तोंड समोर. मी टेम्पोच्या खिडकीशी जाऊन उभी राहिले. टेम्पो वळेपर्यंत त्यांनी मान फिरवली नाही.

माझं सामान दुसऱ्या दिवशी गेलं. सामान किती, एका खेपेत झालं.

डी ब्लॉकची खोली वाईट नाही. खिडकीतून माळ दिसतो, पलीकडे बायपास, आणि खूप लांब किल्ला, धुरकट. नळाला पाणी येतं. शेजारी 12मध्ये कुणी एक ड्रायव्हर आहे, रात्रपाळी करतो. पहिल्या सकाळी सहाला माझा हात आपोआप लाटण्याकडे गेला आणि मी भिंतीवर एक ठोका दिला. थोड्या वेळाने दार वाजलं. तो अर्धवट झोपेत उभा होता. "अम्मा, सुबह-सुबह कील मत ठोका करो. अभी सोया हूँ." मी माफी मागितली. त्यानंतर नाही ठोकलं. तो बिचारा भला माणूस आहे, एकदा माझा सिलिंडर उचलून आत ठेवला.

दिवसभरात बोलणं होतं ते दूधवाल्याशी, भाजीवाल्याशी, आणि ते सगळं हिंदीत. शुद्ध हिंदीत. मराठी आता फक्त भांड्यांशी होते. "सरक गं," असं मी कढईला म्हणते, आणि स्वतःच्या आवाजाने दचकते. भाच्याने फोनवर विचारलं, "मावशी, तिकडे कसं आहे?" मी "मस्त" म्हणाले. त्याला मीटिंग होती.

श्रावणात मी नाला ओलांडून ए ब्लॉकला गेले. पाऊण तास लागला. लिफ्ट अजून लागलेली नाही, तीन जिने चढायला तीनदा बसले. नीलमने दार उघडलं. "अगं बाई, काकी! या ना, अंदर या." सुलोचनाबाई पलंगावर होत्या, गुडघे सुजलेले. त्या खाली उतरू शकत नाहीत, मी रोज वर चढू शकत नाही. राग गेला होता. राग तरी किती दिवस पुरणार? मी चहा घेतला, चिवडा घेतला, गल्लीत आता नुसती खडी टाकलीय असं कुणीतरी सांगितलं, त्यावर बोललो. मग बोलणं संपलं. भिंतीपलीकडे राहणं वेगळं आणि भेटायला जाणं वेगळं. भेटायला गेलं की चहा होतो, बशी ठेवली जाते आणि मग उठावं लागतं.

"304 कुणाला मिळाला?" मी उठता उठता विचारलं.

"कुणाला तरी मिळाला, पण ते राहत नाहीत. ताळा लावून गेलेत," सुलोचनाबाई म्हणाल्या आणि भिंतीकडे बघत राहिल्या.

नीलम मला जिन्यापर्यंत सोडायला आली. दार ओढून घेऊन हळूच म्हणाली, "काकी, सांगू का? आई रोज सकाळी सहाला ती भिंत ठोकतात. मैंने कितनी बार कहा, आई, तिथे कुणी नाही. तर म्हणतात, मला माहीत आहे. आणि फिर थोडी देर रुकतात, आणि म्हणतात, मेली अजून उठली नाही वाटतं."



गेल्या आठवड्यात सगळ्या दारांवर पाट्या लागल्या. प्लास्टिकच्या, निळ्या, छापील. ड्रिल घेऊन एक जण आला, चार स्क्रू मारले आणि पुढच्या दाराकडे गेला. मी बाहेर येऊन वाचली. "डी-11. इंदुमती गोपालकृष्ण करकरे. सदस्य: 1."

अगदी बरोबर होती. कुठे काही खोट नव्हती. राघवने मन लावून काम केलं होतं.

मी तिच्यासमोर बराच वेळ उभी राहिले. तीन शब्द, एकापाठोपाठ एक, मध्ये श्वास घ्यायलासुद्धा जागा नाही. वाचणाऱ्याला वाटावं, ही एक बाई आहे आणि कायम एकटीच होती. मी आत गेले. मसाल्याच्या डब्यांवर नावं टाकायचा काळा मार्कर घेतला, चष्मा पुसला, आणि 'इंदुमती'च्या पुढे, खाली, एक स्वल्पविराम काढला. टपोरा, शेपटी नीट वळवलेला, फळ्यावर काढायची तसा.

चूक आहे. मला माहीत आहे. अर्धा मार्क कापा.